श्वासापुरती जागा

सिडनी,
९ मार्च १९८७

श्री. जोसाया यांस,

तुम्ही मला ओळखत नाही. मी मात्र तुम्हाला चांगलीच ओळखते, कारण गेले चार महिने सकाळी नऊपासून दिवस मावळेपर्यंत मी तुमच्या तोंडाकडे बघत बसलेली असते. घाबरू नका. गेल्या वर्षी तुमच्या होडीवर कॅमेरा घेऊन आलेला आणि पहिल्याच लाटेला आडवा झालेला उंच ग्रॅहम आठवतो ना? तुम्हा शेवंडं धरणाऱ्यांवर तो माहितीपट करतोय. त्याची मी संकलक. त्याने अठरा तासांची फिल्म आणून माझ्या टेबलावर ओतली आणि म्हणाला, "लॉर्ना, यातून पन्नास मिनिटं काढ." जसं काही भाजीच निवडायची आहे.

आता कामाचं. बुडी मारण्याआधी तुम्ही होडीच्या कडेवर तळहाताने तीन थापा मारता. फिल्मच्या सहाव्या डब्यात तीन, अकराव्यातही तीन. एकूण सत्तावीस बुड्या आहेत, मी मोजल्या. एकदाही दोन नाहीत की चार नाहीत. ग्रॅहम म्हणतो, सवय असेल, काप. माझ्या अनुभवाने सांगते, माणूस एखादी गोष्ट सत्तावीस वेळा उगाच करत नाही. कशासाठी मारता ते कळवाल का? कारण कळलं तर ठेवीन, कुणी कितीही ओरडलं तरी.

आणखी एक, हे कामाचं नाही. पाण्यातून वर आल्यावर श्वास सोडताना तुमच्या तोंडून जी शीळ निघते, ती मी दिवसातून एकदा तरी लावून ऐकते. चहाच्या वेळेला.

आपली,
लॉर्ना प्रायर


कुसाइ बेट, टोरेस सामुद्रधुनी,
२ एप्रिल १९८७

लॉर्नाबाई,

तुमचं पत्र ज्यांच्या नावाने आलं ते आता नाहीत. अकरा फेब्रुवारीला गेले. समुद्रात नाही, घरात, खुर्चीत बसल्या बसल्या, चहा निवायला ठेवून. मी त्यांची बायको, एलारोज.

टपालाच्या विमानातून तुमचं पाकीट आलं. पोस्टातल्या मुलीने वरचं नाव मोठ्याने वाचलं आणि मग तोंडावर हात धरला. आमच्या घरात माणूस गेला की त्याचं नाव घेत नाहीत. फोटो ट्रंकेत जातात. थडग्यावरचा दगड उघडेपर्यंत हे असंच चालतं. त्याला वर्ष लागतं, दोन लागतात. ते काम घरच्यांनी करायचं नसतं, सोयऱ्यांनी करायचं असतं. आमच्याकडे ते माझ्या भावाकडे, आबेलकडे आहे. सगळी माणसं जमली, मळ्यात रताळी तयार झाली की आबेल दिवस ठरवील. त्या दिवशी दगडावरचं कापड काढतात, नाव वाचतात, जेवण होतं, नाच होतो. मग माणूस पोचला. तोवर तो वाटेत असतो, आणि वाटेतल्या माणसाला हाक मारायची नसते.

तेव्हा तुमच्या सिनेमात त्यांचा चेहरा नको, नाव नको, आवाज नको. ग्रॅहमकडे सहीचा कागद आहे ते मला ठाऊक आहे. सही केली तेव्हा ते जिवंत होते.

थापांचं मी सांगणार नाही. तुम्ही कोण हेच मला कळलेलं नाही. कॅमेरा तुम्ही धरला नाहीत, इथे कधी पाऊल टाकलं नाहीत, आणि आमच्या माणसाकडे चार महिने बघत बसलात. हे कसलं काम?

एलारोज


सिडनी,
२० एप्रिल १९८७

एलारोजबाई,

तुमचं पत्र वाचून मी टेबलावरचा दिवा बंद केला आणि भर दुपारी घरी गेले. मला रडू आलं. कुणाला सांगायचीही सोय नव्हती. बहिणीने विचारलं, "कोण गेलं गं?" काय सांगणार, की ज्याने मला कधी पाहिलंच नाही असा एक माणूस गेला? पाकिटावर नाव घालून तुमच्या दारात ते वाचायला लावलं, त्याची माफी मागते.

हे कसलं काम, विचारलंत. माझ्या आईनेही मरेपर्यंत हेच विचारलं. सतराव्या वर्षी मी बातमीपट काढणाऱ्या कंपनीत लागले. मुलींची बोटं बारीक, म्हणून फिल्मचे तुकडे जोडायला त्यांना बसवत. घोड्यांच्या शर्यती, पूर, राणीची भेट, सगळं माझ्या बोटांतून गेलं. मग सरकारी माहितीपट: मेंढ्या, धरणं, परत मेंढ्या. मग मोठे चित्रपट. अकरा केले. एकात नायिकेला नवरा गेल्याची बातमी कळते. नटीने रडण्यात जीव ओतला होता, दिवे धरणारे गडीसुद्धा डोळे पुसत होते म्हणे. मी ते सगळं रडणं काढून टाकलं. ती बातमी ऐकते आणि ओट्यावर सांडलेलं पीठ पुसत राहते, तेवढंच ठेवलं. दिग्दर्शक आठवडाभर माझ्याशी बोलला नाही. पुढे थिएटरात लोक त्या पिठापाशी हुंदके द्यायला लागले, त्याला बक्षीस मिळालं, आणि मला फुलं आली.

असं हे काम. दुसऱ्यांनी आणलेलं बघत बसायचं आणि त्यातलं काय नको ते ठरवायचं. नीट जमलं तर कुणी काही केलंय हेच कुणाला कळत नाही.

ग्रॅहमला तुमचं पत्र दाखवलं. तो डोकं धरून बसला. "लॉर्ना, त्या चेहऱ्यावरच तर सगळा सिनेमा उभा आहे! सप्टेंबरात टीव्हीवर लागायचाय, तारीख छापून झाली." पोरगा वाईट नाही, घाबरलाय. मी म्हटलं, मला जुलैअखेरपर्यंत सोड आणि या खोलीत फिरकू नकोस. चेहरा, नाव, बोलणं, काही राहणार नाही. तुम्ही बघून 'हो' म्हणाल तेव्हाच डबा इथून बाहेर पडेल. हा माझा शब्द.

लॉर्ना प्रायर


कुसाइ बेट,
१४ मे १९८७

लॉर्नाबाई,

पीठ पुसणारी बाई मला पटली. त्या दिवशी मीही आधी तो निवलेला चहा ओतून दिला आणि कप घासून पालथा घातला. मग ओरडले.

थापांचं सांगते. आबेल बहिरा आहे, लहानपणी गोवर झाला तेव्हापासून. होडी तोच सांभाळायचा. कडेवर थाप मारली की फळी हलते, ती पायाला कळते. तीन थापा म्हणजे 'मी खाली चाललो, जागेवर राहा.' पस्तीस वर्षं आबेल जागेवर राहिला. ते वर आले की आबेल उलट एक थाप मारायचा. 'आलास, दिसलास.' ती तुमच्या डब्यांत सापडायची नाही. कॅमेरा समोर असला की आमचा आबेल नव्या नवरीसारखा लाजतो.

त्याला विचारलं. तो म्हणाला, सिनेमात नुसते हात दिसले तर चालतील. बुड्या मारणाऱ्या सगळ्यांचे हात सारखेच, चिरलेले.

आणि तुम्ही म्हणता काम नीट जमलं तर कुणाला कळत नाही. मग मला कसं कळायचं? माझी लेक दलासा इथल्या शाळेत शिकवते, ती म्हणते, "आई, हे तुझ्या रताळ्यांच्या सॉप-सॉपसारखं आहे. नारळाचं दूध कमी पडलं तरच लोक तोंड उघडतात." एवढं मला कळतं. दूध कमी पडू देऊ नका.

एलारोज


सिडनी,
२८ जुलै १९८७

एलारोजबाई,

सोबत व्हिडिओ कॅसेट आहे.

चेहरा काढला आणि तीन आठवडे सिनेमा मेल्यासारखा पडून राहिला. काहीही करा, हलेना. चव्वेचाळीस वर्षांत पहिल्यांदा वाटलं की आपल्याच्याने हे होत नाही. मग एका सकाळी फेकायच्या तुकड्यांत तुम्ही सापडलात. ते काहीतरी गोष्ट सांगताहेत, कॅमेरा चुकून तुमच्याकडे वळलाय, आणि तुम्ही मासा साफ करताय. ही गोष्ट आपण शंभरदा ऐकली आहे आणि एकशेएकाव्यांदाही ऐकू, असा तुमचा चेहरा. मग मी सगळे ऐकणारेच शोधत सुटले. हसू दाबणारी दलासा. ऐकू येत नसूनही नेमक्या जागी हसणारा आबेल. ज्या माणसाच्या गोष्टी बहिऱ्यालाही पाठ होतात तो माणूस किती मोठा असेल! मी कितीतरी नामांकित नटांचे चेहरे कापले-जोडले आहेत, पण ज्याला न दाखवताही सिनेमा त्याच्याभोवती उभा राहतो असा माणूस हा एकच.

ग्रॅहमने पाहिलं. मग म्हणाला, "मी तीन महिने तिथे राहिलो, आणि कळला तो तुला." मी म्हटलं, मला इथे बसून बोट लागत नाही ना.

चेहरा नाही, नाव नाही, बोलण्यातला एक शब्द नाही. दिलेला शब्द पाळलाय. पाहा आणि कळवा.

लॉर्ना


कुसाइ बेट,
१९ ऑगस्ट १९८७

लॉर्नाबाई,

शाळेत टीव्ही आहे, तिथे सगळे जमलो. लोक हसले. मासा साफ करताना मी इतकी खाष्ट दिसते हे मला आजवर कुणी सांगितलं नव्हतं. दूध कमी पडलेलं नव्हतं. मी मनात म्हणत होते, बाई हुशार आहे.

मग तीन थापा आल्या. मग पाणी आलं, नुसतं रिकामं पाणी. आणि मग ते वर आले.

ती शीळ! आम्हाला कळणार नाही असं वाटलं तुम्हाला? इथे प्रत्येक बुडी मारणाऱ्याची शीळ वेगळी असते. पस्तीस वर्षं किनाऱ्यावर भांडी घासताना दहा होड्यांतून मी ती ओळखत आले. चेहऱ्याआधी ती यायची. शाळेतली लेकरं वळून दाराकडे बघायला लागली. दाराकडे, लॉर्नाबाई. मी उठून बाहेर आले आणि चिंचेखाली बसून राहिले. आबेलला काय झालं ते कळेना, तो मला खुणेने विचारत राहिला आणि मला सांगता येईना.

तुम्ही त्यांना हाक मारलीत. चुकून नाही. ती शीळ तुम्ही चहाच्या वेळेला ऐकता हे तुमच्या पहिल्याच पत्रात आहे. वर शब्द पाळला म्हणून लिहिता.

माझं उत्तर नाही.

एलारोज


सिडनी,
२७ ऑगस्ट १९८७

एलारोजबाई,

तुमचं खरं आहे. मला ठाऊक होतं.

चेहरा नाही, नाव नाही, शब्द नाही, असं मी बोटांवर मोजलं आणि श्वास म्हणजे काही बोलणं नव्हे अशी स्वतःची समजूत घातली. तुम्हाला मुद्दाम विचारलं नाही, कारण तुम्ही नको म्हणाल हे मला माहीत होतं. रिकाम्या पाण्यावर ती शीळ येते ती जागा माझ्या हातून झालेलं सगळ्यात चांगलं काम होतं. नव्या पोरांना मी शिकवते की ज्याच्या प्रेमात पडलात ते आधी कापा. आणि स्वतःवर वेळ आली तेव्हा चोरासारखी वागले. मला लाज वाटते आहे.

आज सकाळी मीच ती काढली. चार सेकंद, आवाजाच्या पट्टीवरच्या शंभर चौकटी. ग्रॅहम म्हणाला, "तिथे लाटा टाक, पक्षी टाक, काहीतरी वाजव. नाहीतर लोक उठून टीव्हीला चापट मारतील." चॅनेलवालेही तेच म्हणाले. मी म्हटलं, तिथे काही जाणार नाही. ती त्यांची जागा आहे, तिथे मी लाटांनासुद्धा बसवणार नाही. पटत नसेल तर माझं नाव काढा आणि दुसरा संकलक शोधा. ग्रॅहमने माझ्याकडे पाहिलं, कपाळावर हात मारला आणि फोन उचलून चॅनेलशी तो स्वतःच भांडला. मोठा झाला पोरगा.

नवी कॅसेट पाठवते आहे. तुम्ही नाही म्हणालात तर सिनेमा लागणार नाही, तारीख गेली तर गेली. ग्रॅहमनेही हे कबूल केलंय. माफी मागते. ती तुम्ही दिलीच पाहिजे असं नाही.

लॉर्ना


तार
थर्सडे आयलंड, १० सप्टेंबर १९८७

पाहिली. लावा. एलारोज.


कुसाइ बेट,
६ डिसेंबर १९८७

लॉर्ना,

तुम्ही-तुम्ही आता पुरे. जिच्यावर एवढी ओरडले तिला अगं म्हणायला काय हरकत आहे?

सिनेमा टीव्हीवर लागला तेव्हा आमच्याकडे नीट दिसला नाही, नुसत्या मुंग्या. पण तुझी कॅसेट शाळेत सारखी चालू असते. दलासा म्हणते पट्टी झिजेल. कुणाचा पाहुणा आला की त्याला बसवून दाखवतात. थर्सडे आयलंडची एक म्हातारी म्हणाली, "यात तर तो कुठेच नाही, आणि मी दुसऱ्या कुणाला पाहिलंच नाही." हे तुला सांगायचं राहू नये म्हणून लगेच लिहायला बसले. तुझ्या त्या फुलांपेक्षा हे बरं आहे की नाही?

एक गंमत सांगते. तीन थापा झाल्या आणि ते चार सेकंदांचं गप्प पाणी आलं की लेकरं श्वास धरतात. कुणी शिकवलं नाही. गाल फुगवून बसतात वेडी. मग मोठेही धरायला लागले. परवा पाहिलं तर पाद्रीबाबासुद्धा.

मीही धरते.

ती शीळ टाकून तर नाही दिलीस ना गं?

एलारोज


सिडनी,
४ जानेवारी १९८८

एलारोज,

टाकून कशी देईन? जेमतेम दीड हात लांबीची पट्टी आहे. बिस्किटांच्या डब्यात, घरी, कपाटात वरच्या फळीवर. डब्यावर नाव लिहिलेलं नाही. ऐकत नाही. चहाच्या वेळेलाही नाही.

त्या म्हातारीचं बोलणं मी कागदावर लिहून टेबलासमोर लावलंय. ग्रॅहम येऊन वाचतो आणि मत्सराने जळतो.

तुझी,
लॉर्ना


कुसाइ बेट,
२० ऑगस्ट १९८९

लॉर्ना,

दीड वर्षात तुझी दोनच कार्डं आली, तीही चार ओळींची, आणि अक्षर डोंगर चढणाऱ्या बकरीसारखं. काय चाललंय तुझं?

दगड आला. बोटीवरून उतरवताना सहा माणसं लागली आणि आबेल सगळ्यांवर ओरडत होता, ते त्यालाच ऐकू येत नव्हतं म्हणून आणखी मोठ्याने. मळ्यात रताळी झाली आहेत. चौदा ऑक्टोबर ठरलाय.

आबेल म्हणतो, त्या बाईला बोलाव. ये. आणि तो बिस्किटांचा डबा घेऊन ये.

एलारोज


सिडनी,
११ सप्टेंबर १९८९

एलारोज,

हे पत्र माझी बहीण लिहिते आहे, मी सांगते आहे. बकरी आता डोंगरही चढू शकत नाही. माझे डोळे गेल्या वर्षापासून अधू झालेत. तुला कळवलं नाही, कारण ज्या बाईचं काम बघत बसायचं तिने हे कुणाला कसं सांगावं? एका चित्रपटात नटाचा हात एका तुकड्यात खिशात होता आणि पुढच्यात बाहेर, आणि मला दिसलाच नाही. त्या दिवशी मी फिल्म हाताळायचे हातमोजे कायमचे काढून ठेवले. ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात डॉक्टर दोन्ही डोळ्यांचं ऑपरेशन करायचं म्हणतात. तारीख पुढे ढकला असं मी म्हटलं, तर ते ऐकायला तयार नाहीत. मला येता येणार नाही, एलारोज. मला फार वाईट वाटतंय.

पण डबा येईल. परवा ग्रॅहम मला जुन्या खोलीत घेऊन गेला. मी त्याला बाजूला बसवलं आणि म्हटलं, हात लावायचा नाही. चार सेकंदांची रिकामी पट्टी बोटांनी चाचपून सोडवली आणि त्या जागी शीळ परत जोडली. सतराव्या वर्षी ज्या बोटांसाठी मला घेतलं होतं, तीच शेवटी कामाला आली. ग्रॅहमने चौकटी मोजल्या. शंभर. एक इकडे नाही, एक तिकडे नाही. यानंतर मी काही जोडणार नाही.

प्रोजेक्टर घेऊन ग्रॅहमच येतोय. विमानाने. तरीही उलटीच्या पिशव्या जवळ ठेवा.

तुझी,
लॉर्ना


कुसाइ बेट,
१६ ऑक्टोबर १९८९

लॉर्ना,

तुझ्या डोळ्यांवर पट्ट्या असतील, म्हणून हे पत्र ग्रॅहमच्याच हाती देते. तो वाचून दाखवील. ग्रॅहम, मोठ्याने वाच रे, आणि मध्येच गाळू नकोस.

जोसाया. बघ, लिहिलं. अडीच वर्षांनी. परवा सकाळी कापड काढलं, आबेलच्या मुलाने नाव वाचलं, आणि मग सगळे इतक्यांदा ते नाव घ्यायला लागले की दलासा म्हणाली, आता बाबा कंटाळून उठून बसतील. जमिनीतल्या भट्टीत डुक्कर होतं, कासव होतं, सॉप-सॉप माझं. ग्रॅहमने तीनदा घेतलं.

नाच आटोपल्यावर शाळेच्या मैदानात पांढरी चादर बांधली. इथली आणि बाहेरून आलेली मिळून दोनशे तरी माणसं असतील. आबेलला पुढच्या बाकावर माझ्या शेजारी मानाने बसवलं होतं, पण तो पडद्याकडे पाठ करून आम्हा सगळ्यांकडेच बघत होता. सिनेमा त्याला पाठ आहे. लोक कधी हसतात ते बघायला त्याला आवडतं.

तीन थापा आल्या. पाणी आलं. सगळ्यांनी श्वास धरला, इतक्या दिवसांची सवय. लेकरांचे गाल फुगले. शीळ येणार आहे हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं. ते माझ्या, ग्रॅहमच्या आणि तुझ्यात होतं.

जोसाया वर आला.

आणि दोनशे माणसांनी एकदम श्वास सोडला, लॉर्ना. असा आवाज मी आयुष्यात ऐकला नव्हता. दाराकडे कुणी बघितलं नाही. मी उठून बाहेर गेले नाही.

आबेलला यातलं काही ऐकू आलं नाही. पण त्याने आम्हा सगळ्यांचे खांदे एकदम खाली आलेले पाहिले. आधी तो गोंधळला. मग त्याला कळलं. तो वळला, पडद्यावरच्या त्या पाण्याकडे पाहिलं, आणि कॅमेरा नव्हता म्हणून लाजला नाही. आमच्या दोघांच्या मध्ये बाकाची फळी होती, तिच्यावर त्याने तळहाताने एक थाप मारली. एकच.

मला ती पायाला कळली.

एलारोज